पडते कोण, टाळ्या कुणाला?



यंदाच्या दिवाळी कार्यक्रमातल्या एका आयटमवरून आपल्याकडे गेले तीन आठवडे जे ईमेलयुद्ध चाललं आहे, त्यात आता माझीही उडी. ज्यांच्यापर्यंत ते पोचलं नसेल (भाग्यवान आहात!) त्यांच्यासाठी थोडक्यात: लायडन, हेग आणि डेल्फ्टमधल्या ११ ते १७ वयाच्या नऊ मुलींनी मिळून सात मिनिटांची एक मारामारी बसवली आहे. नाच नाही, नाटुकलं नाही, मारामारी. बहुतेकजणी किकबॉक्सिंग, ज्युदो किंवा ज्युजुत्सूच्या क्लासला जातात, दोघी सुट्टीत आजोळी कोल्हापूरला लाठी शिकून आल्या आहेत. या सगळ्याची मिसळ करून त्यांनी स्वतःच पेच, लाथा, पाडापाडी आणि कोलांट्या बसवल्या. गोष्ट एवढीच: नऊ मुली बसची वाट बघताहेत, एक रांग मोडते, जुंपते. बस येते. सगळ्या चढतात. संपलं.

यावर दोन गट पडले आहेत. पहिल्याचं म्हणणं, कल्पना छान, पण 'काहीतरी अर्थ' हवा. नऊवारी नेसवा, हातात तलवारी द्या, मागे एखादं स्फूर्तिगीत लावा, समोर शत्रूचे सैनिक उभे करा. थोडक्यात, रणरागिणी करा. दुसरा गट आपल्यातलाच, म्हणजे पुरोगामी. त्यांचं म्हणणं, मुलांच्या कार्यक्रमात हिंसा नको, मारामारी हे पुरुषी मूल्य आहे, मुलींना त्याची नक्कल करायला लावून कसली मुक्ती? शिवाय हा सगळा हॉलिवूडछाप माल. आयटम रद्द करा.

कमिटीची बैठक पुढच्या रविवारी आहे. मला दोन्ही गटांचं म्हणणं साफ अमान्य आहे, आणि ते का, हे जरा सविस्तर लिहिते. लांबलं तर चहा घेऊन बसा.

आधी रणरागिणीवाल्यांकडे वळू.

आपल्या पडद्यावरच्या लढणाऱ्या बायका आठवून बघा. प्रत्येकीच्या हातात शस्त्र येण्याआधी तिच्यावर काहीतरी कोसळावं लागतं. 'नाम शबाना' (२०१७) मधली शबाना कुडो खेळणारी, अंगात रग असलेली मुलगी. पण तिची खरी कामगिरी सुरू होते ती प्रियकराचा खून झाल्यावर. 'एनएच १०' (२०१५) मधली मीरा लोखंडी सळई उचलते ती नवरा मारला गेल्यावर. 'जिगरा' (२०२४) मध्ये बहीण लढते भावासाठी. आपल्या मराठीतली 'हिरकणी' (२०१९) रायगडाचा कडा उतरते ती तान्ह्या बाळासाठी. यांतल्या एकेका चित्रपटाबद्दल माझी तक्रार नाही, काही तर मला मनापासून आवडले. तक्रार आहे ती साच्याबद्दल. बाईने हात उचलायचा तर आधी परवानापत्र हवं आणि त्यावर मयताची किंवा लेकराची सही हवी!

पुरुषांना हे परवानापत्र कोण मागतं? आपला नायक बारमध्ये कुणी धक्का दिला म्हणून दहाजणांना लोळवतो आणि आपण पॉपकॉर्न खात बघतो. त्याला लढायला आवडतं, हे कारण पुरतं. मुलींनी बसच्या रांगेवरून मारामारी केली की मात्र आपल्याला 'अर्थ' आठवतो.

हा साचा आजचा नाही. १९३५ साली मुंबईत वाडिया मूव्हीटोनने 'हंटरवाली' काढला. नायिका नाडिया, मूळ नाव मेरी इव्हान्स, जन्म ऑस्ट्रेलियातल्या पर्थचा. चाबूक, घोडा, तलवार, गच्चीवरून उड्या, पुढे 'मिस फ्रंटियर मेल' (१९३६) मध्ये धावत्या आगगाडीच्या टपावर मारामारी, आणि हे सगळं स्वतः केलेलं. पण कथा बघा. 'हंटरवाली' मध्ये ती बापासाठी मुखवटा चढवते, 'मिस फ्रंटियर मेल' मध्येही बापावरचा खुनाचा आळ दूर करण्यासाठी लढते. म्हणजे तेव्हाही परवाना बापाच्याच नावाचा. आणखी एक गोष्ट आपण सोयीस्करपणे विसरतो. पुरुषांना डोक्यावर उचलून फेकणारी ही बाई गोरी होती, निळ्या डोळ्यांची होती. ती 'आपल्यातली' नव्हती म्हणून तिला ते चालून गेलं. एखादी गिरगावातली मुलगी त्या काळात आगगाडीच्या टपावर चड्डी घालून चढली असती तर काय झालं असतं, याची कल्पना करा. (नाडियाचं श्रेय यामुळे कमी होत नाही. हाडं तिचीच पणाला लागली होती.)

आता आपण जिथे राहतो तिथलं बघू. लायडनमध्ये दर ३ ऑक्टोबरला आपण सगळे हेरिंग, पांढरा पाव आणि हुतस्पॉत खातो, १५७४ साली स्पॅनिश वेढा उठला म्हणून. त्या वेढ्याची इथली आख्यायिका आहे मॅग्डालेना मोन्सची. स्पॅनिश सेनापती वाल्देझ हा तिचा प्रियकर, तिने म्हणे त्याला विनवून शेवटचा हल्ला लांबवायला लावला आणि शहर वाचलं. इथून अर्ध्या तासावरच्या हार्लेमची आख्यायिका वेगळी. तिथे १५७२-७३ च्या वेढ्यात केनाउ नावाच्या विधवेने तीनशे बायकांची फौज घेऊन तटावर लढाई केली म्हणतात. इतिहासात केनाउ आहे, पण ती लाकडाची व्यापारीण म्हणून. कागदोपत्री सापडतात ते तिचे व्यवहार आणि कोर्टकज्जे. फौजेला भक्कम पुरावा नाही. तरी २०१४ मध्ये तिच्यावर डच चित्रपट आला तो अर्थातच तटावरच्या लढाईचा. लाकडाचा हिशोब कोण बघणार!

पण खरी गंमत पुढे आहे. आजच्या डच भाषेत 'केनाउ' ही शिवी आहे. ऑफिसात एखादी बाई मीटिंगमध्ये ठामपणे बोलली की मागून हा शब्द ऐकू येतो. आपल्याकडे 'जहांबाज' किंवा 'कजाग' म्हणतात तसाच. म्हणजे शहराने जिला वीरांगना केलं, तिचंच नाव घेऊन आजच्या बाईला गप्प बसवायचं. आपली भाषाही काही मागे नाही. बाई शूर निघाली की तिला आपण देतो ती पदवी 'मर्दानी'. कोल्हापूरच्या ज्या खेळात आज कितीतरी मुली दांडपट्टा फिरवतात, त्याचं नावच 'मर्दानी खेळ'. बाईचं शौर्य आपल्याला उसनं वाटतं, मूळ मालक वेगळा.

म्हणून रणरागिणीवाल्यांना माझा प्रश्न साधा आहे. या नऊ मुलींना तुम्ही नऊवारी आणि तलवार देऊ करता, ती त्यांचा मान वाढवायला, की त्यांचं लढणं तुमच्या डोळ्यांना सोसवेल असं करायला? बॅनरवरची बाई चालते. घोड्यावरची चालते, पाठीला मूल बांधलेली तर फारच चालते. बसस्टॉपवरची, जीन्समधली, काहीही सोसलेलं नसताना आनंदाने लाथ मारणारी चालत नाही. आणि समोर उभे करायचे ते 'शत्रूचे सैनिक' कोणत्या वेशात असतील, हे मला कुणी सांगायला नको. हॉलमध्ये आपल्या शेजारी डच, तुर्की, मोरोक्कन मित्रमंडळी बसलेली असतात. त्यांच्या मुलांपुढे आपल्या मुलींनी कुठला शत्रू कापायचा?

आता आपल्या गटाकडे. इथे मला जास्त वाईट वाटतं, कारण हे माझे लोक.

'मारामारी म्हणजे हिंसा' हे वाक्य ज्यांनी लिहिलं, त्यांनी बसवलेली मारामारी जवळून पाहिलेली नाही. चित्रपटातली जुनी ढिशुमढिशुम एकवेळ कॅमेऱ्याच्या कोनावर निभावते. ठोसा नाकापासून वीतभर लांबून जातो, समोरचा मान फिरवतो, आवाज नंतर घालतात. मिक्स्ड मार्शल आर्ट्स मिसळलं की हे जमत नाही. तिथे कवळ घालायची असते, पाय अडकवून पाडायचं असतं, जमिनीवर गळामिठी आणि सांध्यांचे पेच असतात. अंगाला अंग लागतं, वजन खरं असतं, पडणंही खरं असतं. म्हणून अशी मारामारी बसवताना आधी शिकतात ते पडायला. हनुवटी छातीला, तळहात जमिनीवर, श्वास सोडायचा. मग शिकतात समोरचीला सांभाळून पाडायला. मार 'खाणारी' नीट पडली नाही तर 'मारणारी'ची लाथ खोटी दिसते. म्हणजे या खेळात दोघी प्रतिस्पर्धी नसतातच, जोडीदार असतात. आणि पेच असह्य झाला की हाताने दोनदा-तीनदा थोपटायचं, समोरचीने त्या क्षणी सोडायचं. त्यात कारण विचारायचं नाही, वाद घालायचा नाही आणि 'एवढ्याने काय होतंय' असंही म्हणायचं नाही.

मंडळी, 'नको' म्हटलं की त्या क्षणी थांबायचं, हे शिक्षण आपल्यापैकी किती घरांत मिळतं? हिंसा कुठे आहे, याचा शोध घ्यायचाच तर तो स्टेजवर का घेता? भारताच्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत (२०१९-२१) १८ ते ४९ वयाच्या, लग्न झालेल्या स्त्रियांपैकी साधारण २९ टक्के जणींनी नवऱ्याकडून मारहाण किंवा लैंगिक जबरदस्ती झाल्याचं सांगितलं. व्हिसा मिळाला, ग्रीन एनर्जीवाल्या कंपनीत नोकरी लागली, म्हणून ही टक्केवारी स्किपोल विमानतळावर उतरून परत गेली, असं समजण्याचं काही कारण नाही. तिची वाच्यता आपल्या कुठल्याही कार्यक्रमात होत नाही. सात मिनिटांच्या खोट्या मारामारीवर मात्र तीन आठवडे ईमेल!

दुसरा आक्षेप 'हॉलिवूडछाप' असण्याचा. याला उत्तर देताना मला ज्या बायकांची नावं घ्यायची आहेत, ती आपल्या पुरोगामी चर्चांत कधी आली नाहीत.

'शोले' (१९७५) सगळ्यांना पाठ आहे. बसंतीचा टांगा भरधाव पळतो, मागे डाकू. तो टांगा बऱ्याच दृश्यांत हाकत होती रेश्मा पठाण. चित्रीकरणात टांगा उलटून तिच्या अंगावर आला, ती जबर जखमी झाली आणि बरी होऊन पुन्हा कामावर हजर झाली. तिच्या आधी मुंबईत नायिकांचे डुप्लिकेट म्हणून साडी नेसून, विग घालून पुरुष उड्या मारत. नायिकेच्या नावावर जमा होणारं धाडस करायलाही बाई चालत नव्हती! स्टंट कलाकारांच्या संघटनेचं कार्ड मिळवणारी पहिली स्त्री म्हणून आज रेश्माचं नाव घेतलं जातं. तिच्यावर 'द शोले गर्ल' हा चित्रपट आला २०१९ मध्ये, म्हणजे टांगा उलटल्यानंतर चार दशकांहून अधिक काळाने.

आणि शांताबाई पवार. जुलै २०२० मध्ये, लॉकडाऊनच्या दिवसांत, पुण्याच्या रस्त्यावर दोन्ही हातांनी काठ्या फिरवणाऱ्या ८५ वर्षांच्या आजीचा व्हिडिओ तुम्हीही फॉरवर्ड केला असेल. 'वॉरियर आजी' म्हणून कौतुक झालं, मंत्री भेटून गेले, सिनेमावाल्यांनी मदत देऊ केली. या आजी डोंबारी समाजातल्या. लहानपणापासून दोरीवर चालणं आणि काठी फिरवणं हेच पोटाचं साधन. 'सीता और गीता' (१९७२) सारख्या चित्रपटात आपण काम केल्याचंही त्यांनी तेव्हा सांगितलं. त्या चित्रपटात हेमामालिनीची गीता कोण आहे, आठवतंय? रस्त्यावर दोरीवरचे खेळ करणारी मुलगी! म्हणजे पडद्यावर डोंबाऱ्याच्या पोरीचा खेळ नटीच्या नावावर गाजला, आणि तोच खेळ जन्मभर केलेल्या बाईला ८५ व्या वर्षी, नातवंडांच्या जेवणासाठी, पुन्हा रस्त्यावर उतरावं लागलं.

भटक्या-विमुक्तांच्या पोरींनी केलं तर 'डोंबाऱ्याचा खेळ', हॉलिवूडने केलं तर 'ॲक्शन', आणि आपल्या मुलींनी केलं तर 'हे आपल्या संस्कृतीत बसत नाही' किंवा 'हे पुरुषी मूल्य आहे'. या तिन्ही वाक्यांतला धागा मला एकच दिसतो. अंगमेहनतीने, धुळीत पडून केलेली कला आपल्याला कला वाटत नाही. तबला चालतो, कथक चालतं. पडणं चालत नाही.

परदेशातही चित्र फार निराळं नाही. ॲम्स्टरडॅमची लूशिया रायकर खरीखुरी अजिंक्य बॉक्सर, व्यावसायिक कारकिर्दीत एकही लढत न हरलेली. 'मिलियन डॉलर बेबी' (२००४) मध्ये तिला भूमिका मिळाली ती लबाडीने मारणाऱ्या खलनायिकेची. बॉक्सरचा अभिनय करणारीला ऑस्कर मिळालं. 'हेवायर' (२०११) मध्ये जीना कारानो या खऱ्या एमएमए फायटरला नायिका केलं, तर तिचा आवाज नंतर बदलून टाकला. अंग तुझं चालेल, आवाज नको! बायकांचे स्टंट करणाऱ्यांची जुनी तक्रार अशी की नायकाच्या जाकिटाखाली आणि पँटखाली संरक्षक पॅड लपतात, नायिकेच्या तोकड्या कपड्यांत लपवायला जागाच नसते. पडायचं तेवढ्याच उंचीवरून, पण उघड्या कोपर-गुडघ्यांवर. २०१५ मध्ये 'रेसिडेंट ईव्हिल' मालिकेतल्या शेवटच्या चित्रपटाच्या चित्रीकरणात ऑलिव्हिया जॅक्सन या स्टंट कलाकाराला अपघातानंतर डावा हात गमवावा लागला. २०१७ मध्ये 'डेडपूल २' च्या चित्रीकरणात जॉय हॅरिस मोटरसायकलवर मरण पावली. तिच्या डोक्यावर हेल्मेट नव्हतं. या बायकांचे चेहरे पडद्यावर दिसू नयेत, हेच त्यांच्या कामाचं यश समजलं जातं. स्टंटसाठी ऑस्करची घोषणा झाली ती २०२५ मध्ये, आणि तेही २०२७ च्या चित्रपटांपासून.

तेव्हा पुरोगामी मित्रांनो, ॲक्शन चित्रपटांवर टीका जरूर करा, पण ती कामगार चळवळीच्या बाजूने करा. पडते कोण, टाळ्या कुणाला, विमा कुणाचा, नाव कुणाचं, हे प्रश्न विचारा. 'हिंसा वाईट' एवढं म्हणून नाक मुरडणं फार सोपं आहे, आणि त्यात त्या बायकांची मेहनतही आपण केराच्या टोपलीत टाकतो.

आता एक शंका येईल. खोट्या मारामारीचं एवढं कौतुक, मग खऱ्या लढणाऱ्यांचं काय?

बरोबर. त्यांच्याकडे येऊ. हमीदा बानू पहिलवान. १९५४ मध्ये बडोद्यात तिने बाबा पहिलवानाला १ मिनिट ३४ सेकंदांत चीत केलं. पण पुण्यात रामचंद्र साळुंखे यांच्याशी ठरलेली तिची कुस्ती कुस्ती संघटनेच्या विरोधामुळे रद्द करावी लागली, आणि कोल्हापुरात पुरुष पहिलवानाला हरवल्यावर प्रेक्षकांनी तिच्यावर दगड फेकले. (होय, कुस्तीच्या पंढरीत!) तिच्या कुस्त्यांवरच्या बंदीबद्दल तिने मुख्यमंत्री मोरारजी देसाई यांच्याकडे दाद मागितली, तेव्हा उत्तर मिळालं की बंदी ती बाई आहे म्हणून नाही, आयोजक तिच्यासमोर नकली पहिलवान उभे करतात अशा तक्रारी आहेत म्हणून. बाई जिंकली ना, मग कुस्ती ठरवूनच केलेली असणार! युरोपला लढायला जायचं तिने ठरवलं तेव्हा तिच्या जोडीदाराने आणि वस्तादाने तिचे हातपाय मोडले, असं तिच्या कुटुंबीयांनी सांगितलं आहे. पुढचं आयुष्य तिने काढलं आपल्या कल्याणमध्ये, दूध विकून.

नीट बघा: आखाड्यात तिने पुरुषाला पाडलं ते सगळ्यांना खोटं वाटलं. घरात तिला मोडलं ते खरं होतं, आणि ते कुणाला दिसलं नाही.

ही १९५४ ची गोष्ट म्हणून सोडून देऊ नका. 'दंगल' (२०१६) बघून आपण सगळे रडलो होतो. २८ मे २०२३ रोजी, लैंगिक छळाच्या तक्रारीची दखल घ्या म्हणून महिनाभराहून अधिक काळ धरणं धरलेल्या विनेश फोगट आणि साक्षी मलिक यांना दिल्लीत पोलिसांनी रस्त्यावरून ओढत नेलं. पडद्यावरच्या फोगटला टाळ्या, रस्त्यावरच्या फोगटला फरफट. महाराष्ट्र केसरी पुरुषांसाठी १९६१ पासून आहे. बायकांची पहिली महाराष्ट्र केसरी झाली मार्च २०२३ मध्ये सांगलीत, आणि सांगलीच्याच प्रतीक्षा बागडीने ती जिंकली. मधली ६२ वर्षं आपण काय करत होतो? अमेरिकेच्या यूएफसीचे मालक लोक तरी वेगळे कुठे? त्यांच्या प्रमुखाने २०११ मध्ये 'बायका इथे कधीच लढणार नाहीत' असं सांगून टाकलं होतं. २०१३ मध्ये पहिली लढत झाली. २०१७ मध्ये उत्रेख्तची जर्मेन द रान्दामी त्यांच्या फेदरवेट गटाची पहिली महिला विजेती ठरली, आणि जून २०२४ मध्ये उत्तर प्रदेशातली पूजा तोमर तिथे लढत जिंकणारी पहिली भारतीय ठरली. पुरुषांतही तोवर कुणा भारतीयाने ती जिंकलेली नव्हती. 'कधीच' या शब्दाचं आयुष्य बायकांनी ठरवलं तर फार थोडं असतं!

मुद्दा हा की खोटी मारामारी आणि खरी लढाई यांत आपण निवड करायची नाहीये. दोन्हीकडे प्रश्न तोच आहे. बाईचं शरीर तिच्या मर्जीने, तिच्या ताकदीने, तिच्या आनंदासाठी वापरलं गेलेलं आपल्याला बघवतं का? की ते कुणाच्या तरी सेवेत, सूडात, त्यागात किंवा अब्रूत गुंतलेलं असेल तरच बघवतं?

२०२३ चा 'पोलाइट सोसायटी' हा ब्रिटिश चित्रपट पाहिला नसेल तर जरूर बघा. लंडनमधल्या पाकिस्तानी घरातली शाळकरी रिया. तिला डॉक्टर व्हायचं नाही, स्टंटवुमन व्हायचं आहे. तिच्यावर कुठला अत्याचार झालेला नाही. तिला हवेत गिरकी घेऊन मारायची ती एक लाथ जमत नाही, हीच तिची व्यथा! आईवडिलांचा चेहरा बघण्यासारखा होतो. आपल्यापैकी कितीजणांचा तसाच होईल, हे स्वतःला विचारा. मुलीने सांगितलं की कथकमध्ये करिअर करते, तर आपण दोन दिवस अस्वस्थ राहून मग अभिमानाने फोटो टाकू. 'मला पडायचं काम करायचंय' म्हणाली तर?

आता रविवारच्या बैठकीसाठी माझ्या मागण्या, म्हणजे गोलमोल बोलले असं कुणी म्हणायला नको.

एक, आयटम जसा बसवला आहे तसाच होऊ द्या. नऊवारी नको, शत्रू नको, कारण नको. ज्यांना नऊवारी नेसून लढायचं आहे त्यांनी खुशाल नेसावी, पण ती मुलींनी ठरवावी, कमिटीतल्या काकांनी नाही.

दोन, सादरीकरणाआधी जाड मॅट्स भाड्याने घ्या आणि त्याचा खर्च कार्यक्रमाच्या बजेटमधून करा. ढोलपथकाच्या नव्या फेट्यांना पैसे होते, गुडघ्याच्या पॅड्सना नाहीत, हे चालणार नाही. विम्यात मुली धरल्या आहेत का, तेही बघा.

तीन, पत्रिकेत नऊच्या नऊ मुलींची नावं छापा. मार देणाऱ्यांची आणि मार खाणाऱ्यांची, सारख्याच अक्षरांत. तालीम घेणाऱ्या बाईंना शाल आणि नारळ देऊन वाटेला लावू नका, ठरलेलं मानधन द्या.

चार, आणि हे सगळ्यांत महत्त्वाचं. निवेदकाने आयटमआधी 'नारीशक्ती' या विषयावर बोलू नये. त्याऐवजी एक मिनिट इथल्या 'फेलिख थाउस' या मदतकेंद्राची माहिती द्यावी. घरात मारहाण होत असेल तर ०८००-२००० या क्रमांकावर दिवसरात्र, फुकट, फोन करता येतो. नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या बाईलाही, तिच्यावर हिंसा झाली असेल तर, स्वतंत्र परवान्यासाठी अर्ज करण्याची सोय इथल्या कायद्यात आहे. आपल्या हॉलमध्ये तीनशे माणसं असतात. त्यांतल्या एखादीने तरी हा क्रमांक मनात टिपून ठेवला तर सात मिनिटांच्या मारामारीपेक्षा मोठं काम झालं.

कुणी म्हणेल, दिवाळीच्या सणात हा विषय कशाला? मग सणात तलवारी कशा चालतात, हे मला समजावून सांगा.

एका ज्येष्ठ सभासदांनी लिहिलं आहे की 'या मारामारीतून मुली काय संदेश देणार?' काका, आदराने सांगते, काहीही देणार नाहीत. दर दिवाळीला आपले मुलगे स्टेजवर मावळे होऊन लाकडी तलवारींनी एकमेकांची डोकी फोडायला निघतात, तेव्हा त्यांना कुणी संदेश विचारत नाही. मुलींनाही एकदा ती चैन करू द्या. त्यांना पडता येतं, उठता येतं, समोरचीला इजा न करता पाडता येतं, आणि तिने थोपटलं की सोडता येतं. कमिटीने मत देण्याआधी शनिवारी तालमीला येऊन एकदा बघावं. मॅटवर यायचं तर बूट बाहेर काढावे लागतील.

असो. मतभेद असतील तर जरूर लिहा. शिव्या द्यायच्याच असतील तर 'केनाउ' चालेल.

कळावे, लोभ आहेच, तो वाढावा.

लायडनहून, तुमच्यातलीच एक

ता. क. आयटमचं नाव मुलींनी 'बस चुकली' ठेवलं आहे. कृपया कमिटीने ते बदलून 'दुर्गावतार' करू नये.